शहाण्णव चौकटी

जुबैलच्या कॅम्पात सिनेमाला परवानगी नव्हती,
मनाईही कुणी लेखी दिलेली नव्हती.
गुरुवारी रात्री मेसमधली बाकं उलटी वळायची,
भिंतीवर चादर, तांदळाच्या पोत्यांवर प्रोजेक्टर.
तो माझ्या हाती, कारण मी विट्याचा, तंबू टॉकीजमधे वाढलेला.
फिल्म जोडायला सिमेंट, ब्लेड
आणि न थरथरणारा अंगठा लागतो,
तेवढं मला कोरियन न येताही येत होतं.

सोलहून डबे यायचे ते आधीच कापलेले.
मोर्चा रस्त्याला लागतो न लागतो
तोच हिरवंगार भातशेत.
उरलेलं मी कापायचो, कॅम्प बॉसच्या सांगण्यावरून.
गालाजवळ गाल आला की कात्री.
त्यांच्या सरकारला वळलेली मूठ चालत नव्हती,
इथल्या कायद्याला दुसऱ्याच्या हातात गेलेला हात.
मधे जे राहायचं त्याला आम्ही सिनेमा म्हणायचो
आणि टाळ्या वाजवायचो.

त्या हिवाळ्यात एकच सिनेमा सात गुरुवार लागला.
पोलीस मागावर असलेला विद्यार्थी, फौजदाराची मुलगी,
मध्यरात्रीची संचारबंदी,
पुलाखाली दोघं, वर बुटांचा आवाज.
अख्खी मेस त्यांच्यासाठी श्वास धरायची.
ग्वाक तॅ-सक, वेल्डर, एकटाच जेवत राहायचा
आणि स्टेशनचा प्रसंग आला की चमचा खाली ठेवायचा.
तिकीट-खिडकीत एक मुलगी.
पैसे मोजते, तिकीट सरकवते, वर बघते.
चार सेकंद. मग गाडी.

सातव्या गुरुवारी तो बोलला,
थोडं मोडक्या हिंदीत, थोडं अरबीत,
राहिलेलं सिगारेटच्या पाकिटावर चित्रं काढून.
ओक-बुन तिचं नाव. रोजंदारीवर गर्दीत उभी राहायची.
तिचा मामा युद्धात उत्तरेकडे गेला तो गेलाच.
तेव्हा ती जन्मलीही नव्हती,
पण सरकारी कागदावर सगळ्या घराला लाल शाई लागलेली.
तिच्याशी लग्न म्हणजे पासपोर्ट नाही.
पासपोर्ट नाही म्हणजे जुबैल नाही,
जुबैल नाही म्हणजे आईचं ऑपरेशन नाही.
'मी पासपोर्ट,' एवढंच म्हणाला,
आणि छातीवरच्या खिशावर बोट ठेवलं.
खिसा रिकामा. पासपोर्ट कंपनीच्या तिजोरीत होता.

मे महिन्यात रेडिओ खरखरला. ग्वांगजू.
त्या गावचे नऊ जण होते आमच्या साइटवर.
फोन लागेना, कोरियातून आलेल्या वर्तमानपत्रात
फुटबॉल आणि हवामान.
एक जण रोज पाइपच्या आत जाऊन
स्वतःच्या घरच्यांची नावं मोठ्याने घ्यायचा.
मग काळ्या गॉगलचा माणूस येणार असं कळलं,
डबे परत न्यायला. तो सिनेमा आता नव्हता.
कधी नव्हताच.

आदल्या रात्री मी कात्री लावली,
पहिल्यांदाच कुणी न सांगता.
चार सेकंद म्हणजे शहाण्णव चौकटी.
तॅ-सकने पट्टी रिफायनरीच्या ज्योतीसमोर धरली,
समुद्रावरून वारा, ज्योत हलती, त्यामुळे तीही हलती.
एकेक चौकट अंगठ्याने पुढे सरकवत गेला.
चाळिसावीच्या आसपास तिची पापणी मिटलेली होती.
तिथे थांबला.
पुढचं त्याने माझ्यासमोर पाहिलं नाही.
मीही डबा बंद करून झोपायला गेलो,
आणि बरेच दिवस न टाकलेलं एक पत्र
उशीखालून काढून पुन्हा उशीखाली ठेवलं.

आता मुलगा दम्मामला असतो. इथे मॉलमधे सिनेमा आहे,
तिकीट फोनवर, खिडकीच नाही.
परवा कोरियन लागला होता, त्यात तेच दिवस:
रणगाडे, पळणारी पोरं, एक जिना, जिन्याखाली दोघं.
मी त्यांच्याकडे बघितलंच नाही,
मागच्या गर्दीत शोधत राहिलो,
तशी ती आता सत्तरीची असेल, आणि असेल तर.
दोघं जवळ आले तेव्हा पडदा किंचित उडाला.
नातवाला काही कळलं नाही, तो पॉपकॉर्न खात होता.
माझ्या अंगठ्याला कळलं.
किती चौकटी, तेही.